बातमी केवढी छापली, खुलासा केवढा छापला: मी पट्टीने मोजलं

रामबागेतली | सोमवार, रात्री ९.१०

नमस्कार मंडळी. विषय बरेच दिवस मनात घोळतो आहे. लांबलं तर सांभाळून घ्या.

माझे वडील इथल्याच, इंदूरच्या एका हिंदी दैनिकात मुद्रितशोधक होते. घरात मराठी, कामावर हिंदी, आणि दोन्हींतल्या ऱ्हस्व-दीर्घावर सारखीच करडी नजर. रात्रपाळी करून पहाटे घरी यायचे ते ताजा अंक काखेत घेऊनच. मी मोठ्याने मथळे वाचायचे आणि ते विचारायचे, "कितवं पान? किती कॉलमी?" बातमी काय आहे हे त्यांच्या लेखी नंतरचं. कुठे बसवली, केवढी बसवली, हे आधी. मला तेव्हा तो त्यांच्या कामाचा चाळा वाटायचा.

त्याचा अर्थ मला आत्ता कळला. आमच्या गल्लीत एक काकू पोळीभाजीचे डबे करतात. त्यांचा मुलगा तेव्हा १९ वर्षांचा. सकाळी कॉलेज, दुपारी डबे पोचवणं. मोबाइल चोरीच्या एका प्रकरणात पोलिसांनी चार मुलं उचलली, त्यात हा. दुसऱ्या दिवशी शहराच्या पानावर तीन कॉलमी बातमी: टोळी पकडली. चौघांचा फोटो, पूर्ण नावं, मोहल्ला, वडिलांची नावंसुद्धा. "पोलिसांच्या म्हणण्यानुसार" हे शब्द एकदाच, शेवटून दुसऱ्या ओळीत.

चौदा महिन्यांनी मुलगा निर्दोष सुटला. ज्या वेळी चोरी झाली त्या वेळी तो डबा घेऊन एका इमारतीत शिरताना तिथल्या कॅमेऱ्यात दिसत होता. काकू निकालाची प्रत घेऊन वर्तमानपत्राच्या कचेरीत तीनदा गेल्या. शेवटी खुलासा छापून आला. मी दोन्ही कात्रणं जेवणाच्या टेबलावर ठेवली आणि पट्टीने मोजली. मूळ बातमी फोटोसकट १२ सेंटिमीटर रुंद, १८ लांब. खुलासा एक कॉलम, ४ रुंद, ३ लांब, अकराव्या पानावर, निविदांच्या जाहिरातीखाली. अठरा पटींचा फरक.

काकूंनी तो खुलासा लॅमिनेट करून घेतला आहे. बसच्या पासाएवढा तुकडा, नेहमी पर्समध्ये असतो. मुलाच्या लग्नाचं बोलणं निघालं किंवा त्याच्यासाठी भाड्याची खोली बघायला गेलं की आधी तो काढून समोर ठेवतात. मूळ बातमी मात्र कोणाला दाखवावी लागत नाही, ती सगळ्यांना पाठ आहे.

त्यानंतर मी एक शंभर पानी वही केली. डाव्या पानावर शहरातल्या गुन्ह्याची बातमी: तारीख, पान, आकार, फोटो आहे की नाही. उजव्या पानावर त्या प्रकरणाचं पुढे काय झालं. तीन महिने रोज लिहिते आहे. डावी बाजू भरत आली, उजवी जवळपास सगळी कोरी आहे. पकडल्याची बातमी होते, सुटल्याची होत नाही. आपल्या शहराबद्दल, एखाद्या वस्तीबद्दल, एखाद्या आडनावाबद्दल आपल्या मनात जे मत असतं, ते या डाव्या पानांवरून झालेलं असतं.

तुमचा अनुभव काय? बातमी खोटी असण्यापेक्षा अर्धी असण्याने जास्त नुकसान होतं असं मला वाटू लागलं आहे. यावर मोकळेपणी लिहा.

मालवा_माती | सोमवार, रात्री ९.४२

ताई, त्या लॅमिनेशनपाशी मी थांबलो आणि बायकोला वाचून दाखवलं. आमच्या मामांच्या दुकानाबद्दल भेसळीची बातमी आली होती. नमुना तपासणीत पास झाला, पण ते छापायला कोणीच आलं नाही. मामांनी शेवटी दुकानाची पाटीच बदलली.

जुना वार्ताहर | सोमवार, रात्री ११.२०

ताई, मी २२ वर्षं तहसिलीच्या गावातून बातम्या पाठवल्या. त्या उजव्या पानावर काही का येत नाही, ते आतून बघितलेला माणूस म्हणून सांगतो.

लहान गावातला वार्ताहर बहुतेक वेळा पगारी नसतो. त्याला बातमीमागे थोडे पैसे, किंवा तेही नाही. नुसतं ओळखपत्र. त्याच्याकडून अपेक्षा असते जाहिरातींची. १५ ऑगस्ट, २६ जानेवारी, दिवाळी, नेत्याचा वाढदिवस, प्रत्येक वेळी "एवढ्याची पुरवणी भरून दे". त्या जाहिरातींवरचं कमिशन हीच त्याची खरी कमाई. आता सांगा, ज्या सरपंचाकडून, ज्या दवाखान्याकडून, ज्या ठेकेदाराकडून त्याला शुभेच्छांची जाहिरात आणायची आहे, त्याच्याविरुद्ध तो काय लिहिणार?

मग भरवशाची बातमी उरते कोणती? पोलिसांची. संध्याकाळी ठाण्यातून विज्ञप्ती, म्हणजे प्रसिद्धिपत्रक येतं, तेही टाइप होऊन, फोटोसकट. आता तर व्हॉट्सॲपच्या गटावरच येते. एक दुसऱ्याला विचारतो, "तू लावतोयस का?" लावतो म्हटलं की आपणही लावायची, नाहीतर सकाळी संपादक विचारणार की आपल्याकडे का चुकली. पोलीस चूक असतील असा विचार करायला वेळ लागतो आणि तो वेळ रात्री आठ वाजता कोणाकडेच नसतो. कोर्टात मात्र विज्ञप्ती काढणारं कोणी नाही. तिथे तारखांवर तारखा बसून राहावं लागतं. कोर्टाची बीट सांभाळणारा माणूस मोठ्या आवृत्तीत एखादाच असतो आणि तो मोठ्या खटल्यांतच अडकलेला. डबेवाल्या काकूंच्या मुलाचा निकाल ऐकायला तिथे कोण बसणार?

मी स्वतः अशा किती बातम्या पाठवल्या असतील, त्यांतली किती मुलं पुढे सुटली असतील, मी कधी मागे वळून बघितलं नाही. तुमची वही वाचून आज झोप लागणार नाही मला.

पैशांचं आणखी एक सांगायलाच हवं. २००९ च्या लोकसभा निवडणुकीत उमेदवारांकडून पैसे घेऊन त्यांच्या स्तुतीच्या बातम्या छापण्याचा धंदा उघडपणे चालला, अगदी दरपत्रक ठरवून. त्याविरुद्ध सगळ्यांत खणखणीत आवाज उठवला तो आपल्या इंदूरच्याच प्रभाष जोशींनी. 'नई दुनिया'त घडलेला माणूस, पुढे 'जनसत्ता'चे संस्थापक संपादक. वयाची सत्तरी ओलांडलेली, तब्येत साथ देत नव्हती, तरी गावोगाव जाऊन सभा घेत होते. त्याच वर्षी ५ नोव्हेंबरला ते गेले. वर्तमानपत्रांवर लक्ष ठेवणाऱ्या प्रेस कौन्सिलने दोन सदस्यांची उपसमिती नेमली, त्यांनी ७१ पानांचा अहवाल दिला, त्यात वर्तमानपत्रांची नावं होती. कौन्सिलने २०१० मध्ये तो पूर्ण अहवाल बाजूला ठेवला आणि नावं गाळून छोटा अहवाल काढला. मूळ अहवाल लोकांसमोर यायला माहिती आयोगाचा आदेश लागला, तोही २०११ मध्ये. पत्रकारितेच्या आजारावरचा अहवाल पत्रकारितेच्या घरातच दाबला गेला. याची आठवण झाली की मला आजही चीड येते.

गणिताचा तास | मंगळवार, सकाळी ७.३०

वार्ताहर काका, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला.

ताईंच्या वडिलांच्या "किती कॉलमी?" या प्रश्नावर अभ्यासकांनी बरंच काम केलं आहे. १९६८ च्या अमेरिकन अध्यक्षीय निवडणुकीच्या वेळी मॅकॉम्ब्स आणि शॉ या दोघांनी चॅपल हिल या गावातल्या मत न ठरलेल्या १०० मतदारांना विचारलं, की देशापुढचे महत्त्वाचे प्रश्न कोणते. मग ते लोक जी वर्तमानपत्रं, जी वाहिन्या बघत, त्यांत कोणत्या विषयाला किती जागा आणि वेळ मिळाला ते मोजलं. दोन्ही याद्या जवळजवळ तंतोतंत जुळल्या. निष्कर्ष १९७२ मध्ये प्रसिद्ध झाले. म्हणजे काय मत बनवायचं हे माध्यमं तुमच्या गळी उतरवू शकतील न शकतील, पण कशावर मत बनवायचं ते मात्र तीच ठरवतात. आणि हे ठरतं जागेवरून, क्रमावरून, रोज रोज तेच येण्यावरून.

टीव्हीचं गणित आणखी विचित्र. टीआरपी मोजणारी यंत्रं २०२० मध्ये देशभरात सुमारे ४४ हजार घरांत होती. टीव्ही असलेली घरं वीस कोटींहून जास्त. त्यातून बातम्या बघणाऱ्यांचा वाटा लहान आणि एका भाषेतल्या बातम्या बघणाऱ्यांचा तर आणखीच लहान. एवढ्याशा नमुन्यात पाच-पंचवीस घरं इकडची तिकडे झाली तरी वाहिनीचा क्रमांक बदलतो. ऑक्टोबर २०२० मध्ये मुंबई पोलिसांनी याच घरांना पैसे दिल्याच्या आरोपाचं प्रकरण काढलं, बातम्यांच्या वाहिन्यांची आकडेवारी बंद झाली ती थेट मार्च २०२२ मध्ये पुन्हा सुरू झाली. तेवढ्या काळात ओरडा कमी होईल असं मला वाटलं होतं. झाला नाही, त्याची सवयच लागून गेली होती.

कृष्णपुऱ्याचा | मंगळवार, सकाळी १०.०५

सगळं मान्य, पण धागा एका बाजूला कलतो आहे म्हणून लिहितो. पत्रकारांनी काय केलं हे विचारताना भोपाळ विसरू नका.

डिसेंबर १९८१ मध्ये युनियन कार्बाइडच्या कारखान्यात फॉस्जीन वायूने एका कामगाराचा जीव गेला. राजकुमार केसवानी तेव्हा तिशीतले, 'रपट' नावाचं लहानसं साप्ताहिक चालवायचे. त्यांनी आतली कागदपत्रं मिळवली, कामगारांशी बोलले आणि १९८२ मध्ये लागोपाठ लेख लिहिले की हे शहर वाचवा, इथे मोठा घात होणार आहे. कोणी लक्ष दिलं नाही. त्यांनी अधिकाऱ्यांना लिहिलं, जून १९८४ मध्ये 'जनसत्ता'त पुन्हा लिहिलं. २ डिसेंबरच्या रात्री जे व्हायचं ते झालं. त्या माणसाला नंतर पुरस्कार मिळाले. २०२१ मध्ये कोविडने ते गेले.

एकटा माणूस, छपाईला पैसे नाहीत, समोर परदेशी कंपनी, आणि तरीही शब्द न् शब्द खरा. आपल्या भागात अशी माणसं झाली. त्यामुळे "माध्यमं वाईट" असं सरसकट म्हणू नये एवढंच.

रामबागेतली | मंगळवार, दुपारी १.१५

कृष्णपुऱ्याचे दादा, तुम्ही लिहिलंत ते फार बरं झालं. केसवानींचं नाव घरी वडिलांच्या तोंडून ऐकलं होतं. वडील म्हणायचे, "त्याची बातमी खरी होती, पण अंक लहान होता."

तुमच्या उदाहरणाने माझा मुद्दा मला अधिक नीट कळला. भोपाळमध्ये बातमी खरी होती आणि तिला जागा मिळाली नाही. आमच्या गल्लीत बातमी अर्धवट होती आणि तिला तीन कॉलम मिळाले. खरेपणा आणि जागा या दोन गोष्टींची सांगड कोणी घालायची, हा प्रश्न मला पडला आहे. माध्यमं वाईट असं मला म्हणायचंच नाही. ज्या घराची चूल वर्तमानपत्राच्या पगारावर पेटली त्या घरातली मी मुलगी आहे.

छत्रीबाग | मंगळवार, दुपारी ४.५०

जुन्या इंदूरची गोष्ट सांगू का? विषयाला धरूनच आहे.

माझी पणजी बावला प्रकरणाबद्दल बोलताना आवाज खाली आणायची, म्हणे भिंतीला कान असतात. स्वातंत्र्याला तीस वर्षं झाली होती तरी! १२ जानेवारी १९२५ ला मुंबईत मलबार हिलवर अब्दुल कादर बावला या व्यापाऱ्याच्या मोटारीवर हल्ला झाला. ते गोळ्या लागून मेले. सोबत मुमताज बेगम होती, जी इंदूर दरबारातून निघून गेली होती. तिच्या चेहऱ्यावर वार झाले. गोल्फ खेळून परतणारे इंग्रज लष्करी अधिकारी योगायोगाने तिथे पोचले म्हणून ती वाचली आणि हल्लेखोर सापडले. त्यांचे धागे इंदूरपर्यंत आले.

आता वर्तमानपत्रांचा भाग. संस्थानिकांविरुद्ध अप्रीती पसरेल असं छापणं हा ब्रिटिश हिंदुस्थानातही गुन्हा होता. १९२२ मध्ये तसा कायदा केला होता, आणि विधिमंडळाने तो फेटाळल्यावर व्हाइसरॉयने आपल्या अधिकारात लागू केला होता. इंदुरात तर राजाविरुद्ध छापण्याचा प्रश्नच नव्हता. तरीही मुंबईच्या पत्रांनी खटला महिनोन्‌महिने लावून धरला. फाशीच्या शिक्षा झाल्या त्या हल्लेखोरांना. महाराजांवर कुठल्याही कोर्टात खटला चालला नाही, पण चौकशी आयोगाला सामोरं जा किंवा गादी सोडा असा पेच त्यांच्यापुढे आला आणि फेब्रुवारी १९२६ मध्ये तुकोजीराव तिसरे पायउतार झाले.

पणजीच्या बोलण्यात मला दोन गोष्टी जाणवायच्या. एक, इंदूरच्या लोकांना आपल्याच शहरातली गोष्ट मुंबईचा अंक लपूनछपून वाचून कळत होती. दुसरी, मुमताजबद्दल ती जे बोलायची ते सगळं पत्रांतून आलेलं. ती कशी दिसायची, काय नेसायची, कशी नाचायची. त्या बाईला स्वतःला काय हवं होतं, हे पणजीला कधी माहीतच नव्हतं. शंभर वर्षं झाली. आज एखाद्या बाईवर अत्याचाराची बातमी आली की लोक पहिल्यांदा तिचा फोटो शोधतात. राजाला खाली खेचायची ताकद असलेल्या पत्रांना त्या बाईला माणूस म्हणून उभं करणं जमलं नाही. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत आणि मला त्या वेगळ्या करता येत नाहीत.

मुंबई-आग्रा रोड | मंगळवार, रात्री ८.३०

मी धुळ्याचा, नोकरीला पीथमपूरला. तुम्ही सगळे छापील बातमीचं बोलताय. आमच्याकडे जे झालं ते छापलेलंच नव्हतं.

साक्री तालुक्यातलं राईनपाडा. १ जुलै २०१८, रविवार, आठवडी बाजाराचा दिवस. मुलं पळवणारी टोळी आली आहे अशी अफवा मोबाइलवरून त्याआधी कितीतरी दिवस फिरत होती. मलाही तीन गटांवर आली होती. मंगळवेढ्याकडची नाथपंथी डवरी गोसावी समाजाची पाच माणसं, पोटासाठी भिक्षा मागत फिरणारी. कोणाशी तरी बोलले, संशय आला. ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून पाचही जणांना मारून टाकलं. त्याच महिन्यात व्हॉट्सॲपने आपल्या देशात एक निरोप एका वेळी पाचच ठिकाणी पुढे पाठवता येईल अशी मर्यादा घातली. पाच माणसं आणि पाच निरोप. तो आकडा मी विसरू शकत नाही.

मला आलेला निरोप मी पुढे पाठवला नव्हता. पण "हे खोटं आहे" असंही लिहिलं नाही. वाचलं आणि पुढे सरकलो. गावात बातमी खरी की खोटी हे सांगू शकणारा एक तरी माणूस, एखादा वार्ताहर, ज्याचा शब्द लोक मानतात, असा असता तर? वार्ताहर काका, म्हणून तुमच्या बिनपगारी माणसाचं मला जास्त दुःख होतं.

तिलकनगरची सून | मंगळवार, रात्री १०.१५

माझा प्रश्न घरातला आहे. सासरे ७८ वर्षांचे. बँकेत होते, हिशेबी, शांत माणूस. सासूबाई गेल्यापासून संध्याकाळी सहा ते दहा बातम्यांची वाहिनी. आठ चौकटींत आठ माणसं एकदम बोलत असतात. बाबा आधी नुसते बघायचे, आता सोबत बोलतात. नातीला सात वाजता क्लासहून एकटी येऊ देत नाहीत. कॉलनीत रात्री भाजीवाला आला तर दार उघडू देत नाहीत. भाजीवाल्याला ते पंधरा वर्षं ओळखतात.

गणिताचा तास | मंगळवार, रात्री १०.४०

ताई, जॉर्ज गर्बनर नावाच्या अभ्यासकाने हेच मांडलं होतं. जे लोक खूप टीव्ही बघतात त्यांना जग आहे त्यापेक्षा जास्त धोक्याचं वाटू लागतं. त्यांच्या गल्लीत काही घडलेलं नसतं, पण पडद्यावर रोज घडत असतं. बाबांना वाद घालून पटणार नाही. वाहिनीच्या जागी दुसरं काय देता येईल ते बघा. माझ्या वडिलांना मी संध्याकाळी आकाशवाणीचं पंधरा मिनिटांचं बातमीपत्र लावून देतो आणि नंतर लेकीचं गणित घ्यायला बसवतो. महिनाभर कुरकुर झाली, आता तेच तिची वाट बघतात.

बडोदेकर | बुधवार, सकाळी ८.२०

आमच्या इकडचं एकच उदाहरण देतो. एप्रिल २०२१ मध्ये, कोविडच्या लाटेत, गुजराती दैनिकांनी बातमीदारांना रुग्णालयांच्या शवागारांबाहेर आणि स्मशानात रात्र रात्र उभं करून मृतदेह मोजायला लावले. सरकारी आकडा आणि मोजलेला आकडा यांतला फरक पहिल्या पानावर छापला. त्या दिवसांत घरात आजारी माणूस असलेल्या आम्हाला त्या आकड्यानेच सावध केलं. ताई, तुमची पट्टी वाचून ते आठवलं. मोजायला माणूस पाठवणं ही पत्रकारिता, आणि त्यासाठी खर्च करायची तयारी लागते.

दुसरं वर्ष | बुधवार, दुपारी १२.३०

नमस्कार, मी इंदुरात पत्रकारितेच्या दुसऱ्या वर्षाला आहे. सगळा धागा कँटीनमध्ये बसून वाचला. वार्ताहर काकांचा प्रतिसाद मैत्रिणींना दाखवला.

रामबागेतल्या काकू, एक विचारू? तो मुलगा १९ चा होता म्हणालात. १८ च्या आतला असता तर बाल न्याय कायद्याच्या कलम ७४ प्रमाणे त्याचं नाव, फोटो, पत्ता काहीच छापता आलं नसतं. एका वर्षाने त्याचं सगळं संरक्षण गेलं. आम्हाला वर्गात हे कलम शिकवलं, पण १९ व्या वर्षी काय होतं हे कोणी बोललं नव्हतं.

दुसरं म्हणजे, तक्रार करायची सोय आहे. वर्तमानपत्राबद्दल असेल तर आधी संपादकाला लेखी कळवायचं, उत्तर समाधानकारक नसेल तर प्रेस कौन्सिलकडे. दैनिकाच्या बाबतीत बातमी छापल्यापासून दोन महिन्यांच्या आत. कौन्सिल ताकीद देऊ शकतं, निषेध नोंदवू शकतं, दंड करू शकत नाही. वाहिन्या त्याच्या कक्षेतच येत नाहीत. त्यांच्या संघटनेचं स्वतःचं प्राधिकरण आहे, त्याचा दंड २०२३ मध्ये जास्तीत जास्त एक लाख होता, तोही फक्त सभासद वाहिन्यांना. त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयानेही ही रक्कम परिणामकारक नसल्याचं बोलून दाखवलं होतं.

जुना वार्ताहर | बुधवार, दुपारी २.००

बेटा, शाबास. पण बघ, दोन महिन्यांची मुदत, आणि मुलगा सुटला चौदा महिन्यांनी. सुटण्याआधी तो तक्रार कशाच्या जोरावर करणार? हे दार गरिबासाठी उघडायच्या आधीच बंद होतं.

पण ताईंच्या उजव्या पानांचं काही करता येईल. पूर्वी एका निकालासाठी कोर्टाच्या कारकुनाच्या चार फेऱ्या माराव्या लागत. आता जिल्हा न्यायालयांच्या प्रकरणांची स्थिती ई-कोर्टच्या संकेतस्थळावर दिसते. ठाणं, गुन्हा क्रमांक आणि वर्ष टाकलं की प्रकरण सापडतं. गुन्हा क्रमांक बातमीत नसतो, पण सर्वोच्च न्यायालयाच्या २०१६ च्या आदेशापासून नाजूक प्रकरणं सोडून एफआयआर पोलिसांच्या संकेतस्थळावर टाकावे लागतात. बातमीतलं ठाणं आणि तारीख धरून शोधलं तर निघेल. वेळखाऊ आहे. मी रिकामा आहे.

दुसरं वर्ष | बुधवार, दुपारी २.१५

काका, मीपण आहे. काकू, रविवारी येऊ का घरी? लॅपटॉप आणते.

रामबागेतली | बुधवार, दुपारी ३.३०

दोघंही या. चार वाजता. कृष्णपुऱ्याचे दादा, तुम्हीसुद्धा. पोहे करते.

रामबागेतली | रविवार, रात्री १०.५०

आज काय झालं ते लिहिते, मग झोपते.

वार्ताहर काका बसने आले, पिशवीत चष्म्याची दोन घरं आणि जुनी डायरी. मुलगी लॅपटॉप घेऊन आली. कृष्णपुऱ्याचे दादा सराफ्यातून गरम जिलबी घेऊन आले. चारला बसलो, उठलो नऊला.

काम सोपं नाही. माझ्या नोंदींतल्या कितीतरी बातम्यांत ठाण्याचं नावच नाही. काही एफआयआर सापडत नाहीत, काहींत नावं जुळत नाहीत. शिवाय तीन महिन्यांपूर्वीच्या प्रकरणांचे निकाल अजून कुठून लागणार, बहुतेकांत आरोपपत्रसुद्धा आलेलं नाही. तेव्हा काकांनी सुचवलं की जुने अंक काढू. वडिलांच्या ट्रंकेत पाच-सहा वर्षांपूर्वीचे अंक होते, वडील गेल्यावरही मी टाकले नव्हते. त्यांतल्या शहराच्या पानावरच्या बातम्या घेतल्या. मुलगी शोधत होती, काका ठाण्यांची हद्द सांगत होते, दादा वाचून दाखवत होते, मी लिहीत होते.

एका बातमीत पाच कॉलमी मथळा होता, माणूस फोटोत मान खाली घालून उभा. पुराव्याअभावी सुटका. दुसऱ्या एकात खरोखर शिक्षा झालेली, तीही छापून आली नव्हती. फिर्यादी बाईला न्याय मिळाला हेसुद्धा शहराला कळलं नाही. काका बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "ही तर चांगली बातमी होती हो."

आज उजव्या पानावर सात नोंदी झाल्या. आठवी मी सगळे गेल्यावर लिहिली, डबेवाल्या काकूंना वर बोलावून, त्यांच्याकडून निकालाची प्रत घेऊन: प्रकरण क्रमांक, न्यायालय, तारीख, निर्दोष. त्यांनी वही जवळ ओढली, ओळ वाचली आणि विचारलं, "याची झेरॉक्स मिळेल का? पण मोठी काढा."